साताऱ्याचे न्यायमूर्ती आणि रेल्वेचा शिपाई



आपल्या बेटावर घरातल्या मुलाला किंवा मुलीला सरकारी नोकरीचे पत्र आले की ते पत्र आधी देवापुढे ठेवण्याची रीत पुष्कळ घरांत अजून आहे. आजी त्यावर हळदकुंकू वाहते, मग ते आल्यागेल्याला दाखवले जाते. असे का होते, ते समजावून सांगायला नको. आपले पणजोबा-खापरपणजोबा उसाच्या मळ्यांत ज्या करारावर राबले, त्या कराराचा कागद मालकाच्या बाजूचा होता. सरकारी नोकरीचा कागद आपल्या बाजूचा आहे असे आपल्याला वाटते. पण त्या कागदाची खरी किंमत कळते ती दुसरा कागद आल्यावर. आपल्या सेवेची आता जरुरी नाही, अमुक तारखेपासून येऊ नये, एवढाच मजकूर असलेला कागद. कारण लिहिलेले नाही, चौकशी झालेली नाही. अशा वेळी माणसाने करायचे काय?

हा प्रश्न भारतात हजारो नोकरांनी कोर्टापुढे नेला. त्याची उत्तरे ज्यांनी दिली, त्यांत एका मराठी मुलखातल्या न्यायाधीशाचा वाटा फार मोठा आहे. ते म्हणजे भारताचे सातवे सरन्यायाधीश प्रल्हाद बाळाचार्य गजेंद्रगडकर. आज त्यांचे चरित्र आपल्यापुढे मांडीत आहे. चरित्र म्हटले तरी त्यात कोर्टाचे निवाडेच जास्त येतील, याबद्दल आधीच क्षमा मागतो. न्यायाधीशाच्या आयुष्यात लढाया नसतात, तुरुंगवास नसतो. त्याने लिहिलेले निकाल हेच त्याचे आयुष्य.

गजेंद्रगडकरांचा जन्म १६ मार्च १९०१ रोजी सातारा येथे झाला. घराणे मूळचे कर्नाटकातल्या गजेंद्रगडचे, माध्व वैष्णव परंपरेतले, पिढ्यान् पिढ्या शास्त्राध्ययन करणारे. वडील बाळाचार्य संस्कृतचे विद्वान. थोरले बंधू अश्वत्थामाचार्य पुढे मुंबईच्या एल्फिन्स्टन कॉलेजात संस्कृतचे प्राध्यापक झाले. अशा घरात मूल वाढले की शब्दाचा अर्थ कसा लावायचा, हे त्याला वेगळे शिकवावे लागत नाही. प्रल्हादरावांचे कॉलेजचे शिक्षण आधी धारवाडच्या कर्नाटक कॉलेजात व मग पुण्याच्या डेक्कन कॉलेजात झाले. १९२४ साली ते संस्कृत घेऊन एम. ए. झाले, १९२६ साली कायद्याची पदवी घेतली आणि त्याच वर्षी मुंबई हायकोर्टात वकिली सुरू केली. वकिली करता करता त्यांनी नंद पंडितांच्या दत्तकमीमांसा या ग्रंथाची संपादित आवृत्ती काढली आणि हिंदू कायद्यावरचे एक त्रैमासिकही चालवले. पुढे हिंदू कोड बिलाचा वाद पेटला तेव्हा शास्त्र्यांच्या घरातला हा माणूस सुधारणेच्या बाजूने उभा राहिला.

इथे एक गोष्ट माझ्या पदरची सांगतो. मीमांसाशास्त्रात वेदवाक्यांचे प्रकार पाडतात. जे वाक्य अमुक करा अशी आज्ञा देते ते विधी, ते बंधनकारक. जे वाक्य त्या आज्ञेची नुसती स्तुती करते ते अर्थवाद, त्याला स्वतंत्र आज्ञेचे बळ नाही. कोर्टाच्या जुन्या निवाड्यांचेही असेच असते. निकाल ज्या मुद्द्यावर टेकलेला असतो तो गाभा पुढच्या खटल्यांना बांधतो. न्यायाधीश बोलण्याच्या ओघात जे आणखी काही सांगून जातात, त्याला मान द्यायचा, पण त्याने कोणाचे हात बांधले जात नाहीत. गजेंद्रगडकरांचे निवाडे वाचताना साताऱ्याच्या त्या घरातली चाळणी मला पुन्हा पुन्हा दिसते.

६ मार्च १९४५ रोजी ते मुंबई हायकोर्टाचे न्यायाधीश झाले आणि जवळजवळ अकरा वर्षे तिथे राहिले. याच काळातले एक मोठे काम म्हणजे बँक कर्मचाऱ्यांच्या पगाराचा तंटा. कामगार अपील लवादाने दिलेला निवाडा सरकारने १९५४ साली बदलला, आणि त्या बाबतीत मजूरमंत्री व्ही. व्ही. गिरी यांनी राजीनामा दिला. मग चौकशीसाठी न्यायमूर्ती राजाध्यक्ष यांची नेमणूक झाली, पण काम पुरे होण्यापूर्वीच ते वारले. ते काम गजेंद्रगडकरांकडे आले आणि १९५५ साली त्यांनी अहवाल दिला. कारकून, शिपाई, हमाल यांच्या महिन्याच्या खर्चाचा हिशोब त्यांनी तेव्हा बारकाईने पाहिला असणार, कारण पुढच्या निकालांत त्याच्या खुणा आहेत. १७ जानेवारी १९५६ रोजी ते दिल्लीला सुप्रीम कोर्टात गेले.

आता मूळ विषयाकडे वळू.

इंग्रजी राज्यात सरकारी नोकर हा राजाच्या मर्जीचा नोकर. मर्जी फिरली की नोकरी गेली. भारताच्या राज्यघटनेनेही ३१० व्या कलमात ही मर्जी ठेवली, पण लगेच पुढच्या ३११ व्या कलमात तिला वेसण घातली. नागरी सेवेतल्या नोकराला बडतर्फ करायचे, काढून टाकायचे किंवा खालच्या पदावर ढकलायचे असेल तर आरोप त्याला सांगितले पाहिजेत आणि बाजू मांडण्याची वाजवी संधी दिली पाहिजे. हे कलम आकाशातून पडले नाही. १९३५ च्या कायद्यात तसेच कलम होते आणि त्याचा अर्थ लंडनच्या प्रिव्ही कौन्सिलने १९४८ साली आय. एम. लाल यांच्या खटल्यात लावला होता. हे लाल इंडियन सिव्हिल सर्व्हिसमधले अधिकारी, १९४० साली बडतर्फ झालेले. योजलेल्या शिक्षेविरुद्ध म्हणणे मांडण्याची संधी त्यांना मिळाली नाही, म्हणून बडतर्फी रद्द ठरली. मात्र थकलेला पगार कोर्टातून वसूल करण्याचा हक्क नाही, असेही प्रिव्ही कौन्सिलने सांगितले.

प्रिव्ही कौन्सिल हे नाव आपल्याला परके नाही. भारताने १९४९ साली तिकडची अपिले बंद केली, पण आपल्या मॉरिशसचे शेवटचे अपील आजही तिथेच जाते. भारताच्या सुप्रीम कोर्टाने लाल यांच्या निवाड्याचे काय केले, ते पाहण्यासारखे आहे. संधीचा मुद्दा त्याने उचलला व पुढे वाढवला. पगाराचा मुद्दा मात्र १९५४ साली बिहारच्या अब्दुल मजीद खटल्यात नाकारला आणि पोलीस खात्यातल्या त्या नोकराला थकबाकी मिळवून दिली. एकाच जुन्या निवाड्याचा एक भाग ठेवला, दुसरा सोडला. जुन्या निवाड्यावर चालणे म्हणजे डोळे मिटून मागोमाग जाणे, असा पुष्कळांचा समज असतो. तो बरोबर नाही.

गजेंद्रगडकर दिल्लीत आले तेव्हा ३११ व्या कलमाचा अर्थ अजून घडत होता. १९५७ साली सरन्यायाधीश सुधिरंजन दास यांनी पुरुषोत्तम लाल धिंग्रा या रेल्वेतल्या माणसाच्या खटल्यात कायम नोकर, तात्पुरता नोकर, बदली जागेवर काम करणारा नोकर यांच्या हक्कांची मांडणी केली होती. पुढची कितीतरी वर्षे सरकारी नोकरीच्या प्रत्येक तंट्यात दोन्ही बाजूंचे वकील धिंग्राचे नाव घेत. एकाच निवाड्यातून दोघे उलट अर्थ काढीत!

गजेंद्रगडकरांच्या वाट्याला असे खटले एकामागून एक आले. वैशंपायन नावाच्या एका पोलीस अधिकाऱ्याला खात्याने कागदपत्रांच्या नकला दिल्या नाहीत आणि साक्षीदारांची उलटतपासणी नीट करू दिली नाही. न्यायमूर्तींनी लिहिले की अशी चौकशी ही वाजवी संधी नव्हे. जगदीश मित्तर नावाच्या एका तात्पुरत्या कारकुनाला काढताना आदेशातच लिहिले होते की तो सेवेत ठेवण्यास अयोग्य आढळला. सरकार म्हणाले, तो तात्पुरता होता, केव्हाही काढता येतो. १९६३ च्या सप्टेंबरात कोर्टाने सांगितले की तात्पुरत्या माणसालाही असा डाग लावून काढायचे असेल तर ती शिक्षाच झाली, आणि शिक्षेआधी चौकशी हवी. धिंग्रा खटल्यातले तत्त्वच त्यांनी त्या एका वाक्याला लावून पाहिले.

एच. सी. गोयल यांचा खटला मला सर्वांत जास्त बोलका वाटतो. गोयल केंद्राच्या बांधकाम खात्यातले अधिकारी. सेवाज्येष्ठतेबद्दल त्यांची तक्रार होती. ती सांगायला ते वरिष्ठ अधिकाऱ्याच्या घरी गेले. बोलता बोलता त्यांनी खिशातून पाकीट काढले आणि त्यातून शंभराच्या घडी घातलेल्या नोटेसारखे काहीतरी बाहेर काढले, असे त्या वरिष्ठाचे म्हणणे. वरिष्ठाने नापसंती दाखवताच ते परत खिशात गेले. लाच देऊ केली असा आरोप आला. चौकशी अधिकाऱ्याने आरोप शाबीत झाला नाही असे लिहिले, तरी सरकारने आपले मत वेगळे ठरवून गोयल यांना बडतर्फ केले. ऑगस्ट १९६३ च्या निकालात गजेंद्रगडकरांनी आधी सरकारच्या बाजूचा मुद्दा मान्य केला. चौकशी अधिकाऱ्याचे मत सरकारवर बंधनकारक नाही, सरकार वेगळ्या निष्कर्षाला येऊ शकते. मग त्यांनी विचारले की या वेगळ्या निष्कर्षाला पुरावा कोणता? ती नोट होती का, ती देण्यासाठीच काढली होती का, यातले काहीच पुराव्याने येत नव्हते. होता तो संशय. संशय कितीही दाट असला तरी तो पुराव्याची जागा घेऊ शकत नाही, आणि खात्याच्या चौकशीलाही हे लागू आहे, असा तो निवाडा. नोकरांच्या चौकशीत कोर्टाने किती खोल जावे याला मर्यादा आहे. पण पुरावा मुळीच नसेल तर कोर्ट हात घालील, ही रेघ तिथे ठळक झाली. आजही शिस्तभंगाच्या खटल्यांत गोयलचे नाव निघते.

माझ्या ओळखीच्या एका बाईंवर त्यांच्या कचेरीत असाच एक कागद हरवल्याचा ठपका आला होता. कागद पुढे दुसऱ्याच कपाटात सापडला. पण मधले चार महिने त्यांच्याशी जेवणाच्या सुट्टीत कोणी बोलत नव्हते. संशय म्हणजे काय, हे त्या बाईंना विचारावे.

आता रेल्वेचा शिपाई. मोतीराम डेका हे आसामकडच्या ईशान्य सीमा रेल्वेतले शिपाई. त्यांच्याबरोबर एक कायम झालेला कारकूनही होता. रेल्वेच्या नियमावलीत १४८ वा नियम होता. त्याच्या तिसऱ्या पोटनियमाप्रमाणे कायम नोकरालाही ठराविक मुदतीची नोटीस देऊन, नाहीतर तेवढा पगार हातावर ठेवून काढता येई. कारण सांगायला नको, चौकशी नको. दोघांनाही तसे काढले. आसामच्या हायकोर्टात ते हरले. उत्तर भारतातल्या आणखी काही रेल्वे नोकरांचीही अपिले याच मुद्द्यावर होती. ती सर्व एकत्र करून सात न्यायाधीशांपुढे ठेवली गेली.

रेल्वेच्या वकिलांचे म्हणणे वरवर बिनतोड होते. नोकरी स्वीकारताना हा नियम त्यात होता. माणसाने तो मान्य करून सही केली. मग त्याच नियमाने नोकरी संपली तर त्याला काढून टाकणे कसे म्हणायचे? करार संपला, एवढेच. आणि या म्हणण्याला आधार म्हणून त्यांनी जुन्या निवाड्यांची चळतच मांडली. १९५३ च्या सतीशचंद्र आनंद खटल्यात करारावरच्या नोकराला नोटीस देऊन काढले ते कोर्टाने चालवून घेतले होते. १९५४ च्या श्यामलाल खटल्यात आणि १९५७ च्या सौराष्ट्रातल्या दोशी खटल्यात सक्तीची निवृत्ती म्हणजे काढून टाकणे नव्हे, असे ठरले होते. धिंग्राच्या निवाड्यातही, नियमात तशी तरतूद असेल तर कायम नोकराची सेवा संपवता येईल, असे सुचवणारी वाक्ये होती.

आपल्यासारख्या सामान्य माणसाला वाटेल की आता शिपाई हरला. ५ डिसेंबर १९६३ रोजी निकाल लागला, आणि तो जिंकला. सातांपैकी सहा न्यायाधीश त्याच्या बाजूने होते, न्यायमूर्ती जे. सी. शाह विरुद्ध. प्रमुख निवाडा गजेंद्रगडकरांचा.

त्यांनी त्या चळतीतला एकेक निवाडा उचलून पाहिला. आनंद हा तात्पुरता, मुदतीच्या करारावरचा नोकर होता, त्याचा न्याय कायम नोकराला लागत नाही. धिंग्राला बदली जागेवरून मूळ जागेवर परत पाठवले होते. कायम नोकराची नोकरी नोटीस देऊन संपवता येते का, हा प्रश्न त्या खटल्यात नव्हताच. म्हणून त्यातली ती वाक्ये या प्रश्नाचा निकाल ठरत नाहीत. राहिले सक्तीच्या निवृत्तीचे निवाडे. इथे त्यांनी जे केले ते शिकण्यासारखे आहे. ते निवाडे मोडले नाहीत. वर्षानुवर्षे चालत आलेली गोष्ट म्हणून तशीच राहू दिली, पण तिच्याभोवती कुंपण घातले. वाजवी अशा दीर्घ सेवेनंतर सक्तीची निवृत्ती देणारा नियम असेल तर तो अपवाद चालेल. त्यापलीकडे हा अपवाद वाढणार नाही. कायम नोकराला निवृत्तीच्या वयापर्यंत जागेवर राहण्याचा हक्क आहे. तो मध्येच संपवणे म्हणजे काढून टाकणेच, मग त्या कागदाला नाव काहीही द्या. आणि घटनेने दिलेले संरक्षण खात्याच्या नियमाने किंवा नोकराच्या सहीने काढून घेता येत नाही. रेल्वेचे ते नियम रद्द झाले.

त्या काळी रेल्वेत लाखो माणसे कामाला होती. खांबावर कंदील लावणाऱ्यापासून स्टेशनमास्तरपर्यंत सर्वांच्या नोकरीवर हा नियम टांगलेला होता. एका शिपायाच्या अपिलाने तो खाली आला.

या निकालानंतर दोन महिन्यांच्या आत, १ फेब्रुवारी १९६४ रोजी, गजेंद्रगडकर सरन्यायाधीश झाले. आणि एप्रिलमध्ये गुरुदेव सिंग सिधू यांचा खटला त्यांच्यापुढे आला. पूर्वीच्या पेप्सू राज्याच्या सेवानियमांप्रमाणे दहा वर्षे सेवा झाली की सरकार नोकराला सक्तीने निवृत्त करू शकत असे. डेका खटल्यातले कुंपण इथे कामाला आले. दहा वर्षे ही दीर्घ सेवा म्हणता येत नाही. तिशी-पस्तिशीतला माणूस निवृत्त कसला होतो? नियम रद्द झाला. चार महिन्यांपूर्वी लिहिलेला निवाडाच पुरे पडला, नवे तत्त्व शोधावे लागले नाही.

सगळेच निवाडे असे टिकले नाहीत. १९६१ साली रंगाचारी खटल्यात दक्षिण रेल्वेतल्या बढत्यांमध्ये अनुसूचित जाती-जमातींसाठी जागा राखून ठेवता येतील का, हा प्रश्न होता. तीन विरुद्ध दोन मतांनी गजेंद्रगडकरांनी होय असे उत्तर दिले. १९६२ साली बालाजी खटल्यात म्हैसूर राज्याने वैद्यकीय व इंजिनियरिंग कॉलेजांत ६८ टक्के जागा राखल्या होत्या, त्या त्यांनी फार ठरवल्या आणि राखीव जागा साधारणपणे पन्नास टक्क्यांच्या आत असाव्यात असे लिहिले. तो कॉलेजप्रवेशाचा खटला. पण पुढल्याच वर्षी देवदासन खटल्यात न्यायमूर्ती मुधोळकरांनी तोच दाखला केंद्र सरकारच्या नोकऱ्यांना लावला. एका दारातून आलेला निवाडा दुसऱ्या दारातून नोकरीच्या प्रांतात शिरला. १९९२ साली इंद्रा साहनी खटल्यात नऊ न्यायाधीश बसले. त्यांनी पन्नास टक्क्यांची मर्यादा ठेवली आणि बढतीतल्या राखीव जागांबद्दलचा रंगाचारी निवाडा एकतीस वर्षांनी फिरवला. मग १९९५ साली संसदेने घटनेतच दुरुस्ती करून अनुसूचित जाती-जमातींसाठी बढतीतल्या राखीव जागा परत आणल्या. महाराष्ट्रातल्या मराठा आरक्षणाचा कायदा ५ मे २०२१ रोजी सुप्रीम कोर्टाने रद्द केला, तोही या पन्नास टक्क्यांच्या आधारावर. त्या वेळी आपल्याकडच्या कितीतरी घरांत चर्चा झाली. पण तो आकडा प्रथम एका सातारकराने लिहिला हे फार थोड्यांना ठाऊक होते.

शिक्षकांसाठी आता एक गंमत सांगतो. मुंबईच्या जे. जे. रुग्णालय समूहातल्या दोन वॉर्ड सेविकांना भरपाई न देता कमी करण्यात आले. रुग्णालय सरकारी. सरकार म्हणाले, इथे नफा नाही, धंदा नाही, म्हणून हा उद्योग नाही आणि कामगार कायदा लागू नाही. गजेंद्रगडकरांनी सांगितले की रुग्णालयही त्या कायद्यातला उद्योग आहे. सेविका जिंकल्या. पण १९६३ साली दिल्ली विद्यापीठाच्या बसचालकांचा खटला आला, तेव्हा हेच न्यायमूर्ती म्हणाले की शिक्षण हा उद्योग नव्हे. विद्या देण्याचे काम धंद्यात मोजता येत नाही. म्हणून बसचालकांनाही कामगार कायद्याचा लाभ नाही. शिक्षणाचा एवढा मान, आणि त्याची किंमत बिचाऱ्या बसचालकांनी भरली! मला हा निवाडा कधीच पटला नाही, आणि १९७८ साली सुप्रीम कोर्टालाही पटला नाही. बंगळूर पाणीपुरवठ्याच्या खटल्यात न्यायमूर्ती कृष्ण अय्यर यांनी रुग्णालयाचा निवाडा उचलून धरला आणि विद्यापीठाचा फेटाळला. तेव्हा गजेंद्रगडकर हयात होते. तरी शिक्षकाची गोष्ट तिथे संपली नाही. १९८८ साली गोव्यातल्या एका शिक्षिकेच्या खटल्यात ठरले की शिक्षणसंस्था उद्योग असली तरी शिक्षक कामगार नव्हे. म्हणजे शाळेच्या बसचा ड्रायव्हर कामगार, आणि त्याच बसने येणारी बाई नव्हे.

जुना निवाडा केव्हा बदलावा, यावर गजेंद्रगडकरांनी १९६५ साली केशव मिल्स खटल्यात सविस्तर लिहिले. विषय इन्कम टॅक्सचा होता, पण त्यातला विचार सर्व खटल्यांना लागू पडतो. सुप्रीम कोर्टाला आपला निवाडा फिरवण्याचा अधिकार आहे, पण दुसरा अर्थ अधिक बरा वाटतो एवढ्याने तो वापरायचा नाही. तो निवाडा किती काळ पाळला गेला, त्यावर विसंबून लोकांनी काय काय केले, तो देताना एखादे महत्त्वाचे कलम नजरेतून सुटले होते काय, तो तसाच ठेवला तर लोकांचे किती नुकसान होईल, हे सर्व पाहावे. त्या खटल्यात त्यांनी जुना निवाडा बदलला नाही. आदल्या वर्षी सज्जन सिंग खटल्यातही, संसद मूलभूत हक्क बदलू शकते या १९५१ च्या निवाड्याला त्यांनी हात लावला नव्हता. ते निवृत्त झाल्यावर पुढल्याच वर्षी, १९६७ साली, गोलकनाथ खटल्यात अकरा न्यायाधीशांनी सहा विरुद्ध पाच मतांनी तो फिरवला.

आपल्याकडे नेमणुका राज्यघटनेने स्थापन केलेल्या पब्लिक सर्व्हिस कमिशनकडून होतात, आणि २००९ पासून तिच्या निर्णयांवर दाद मागण्यासाठी एक न्यायाधिकरणही आहे. तिथे जाणाऱ्या शिक्षकाने आपल्या वकिलाला आधी काय विचारावे, तर असेच प्रकरण पूर्वी कोणाचे झाले होते, आणि त्याची नेमकी हकीकत काय होती. नुसता निकाल सांगून भागत नाही. आपली हकीकत त्या हकीकतीला कितपत जुळते, यावरच पुढचे सगळे अवलंबून असते.

१५ मार्च १९६६ रोजी गजेंद्रगडकर निवृत्त झाले. घरी मात्र बसले नाहीत. मुंबई विद्यापीठाचे कुलगुरुपद, राष्ट्रीय कामगार आयोगाचे अध्यक्षपद, जम्मू-काश्मीरच्या चौकशी आयोगाचे काम आणि १९७१ पासून विधी आयोगाचे अध्यक्षपद, अशी कामे ते करीत राहिले. कामगार आयोगाचा अहवाल १९६९ साली आला. १९७२ साली सरकारने त्यांना पद्मविभूषण दिले. १२ जून १९८१ रोजी मुंबईत त्यांचे निधन झाले. त्यांचे इंग्रजी आत्मचरित्र त्यांच्या पश्चात १९८३ साली छापून आले.

त्यांच्या मृत्यूनंतर चार वर्षांनी, १९८५ साली, दिल्लीच्या सरकारी बस महामंडळाने एक कंडक्टर, एक वाहतूक सहायक आणि एक ड्रायव्हर यांना एक महिन्याच्या नोटिशीच्या नियमाखाली काढून टाकले. कारण सांगितले नाही, चौकशी केली नाही. प्रकरण पाच न्यायाधीशांपुढे गेले. वकिलांनी टेबलावर जे निवाडे मांडले त्यांत रेल्वेच्या मोतीराम डेकाचा १९६३ चा निवाडा होता. न्यायाधीशांनी तो पुन्हा उघडून वाचला, आणि ४ सप्टेंबर १९९० रोजी चार विरुद्ध एक मतांनी महामंडळाचा नियम रद्द केला.